ऑल इंग्लंडच्या दारांतून

तारीख 4 एप्रिल 1899. ईस्टरचा रविवार परवाच होऊन गेलाय आणि तुम्ही लंडनमध्ये बकिंगहॅम गेट नावाच्या रस्त्यावर उभे आहात. राणी व्हिक्टोरिया अजून गादीवर आहे, तिचा राजवाडा इथून पायी गाठता येईल इतका जवळ. समोरची इमारत मात्र पलटणीची. लंडन स्कॉटिश ही स्वयंसेवक सैनिकांची रेजिमेंट इथे कवायत करते. दार ढकला, आत जा.

छत उंच आहे, आणि तीच आज सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. बूट आपटत फिरणाऱ्या शिपायांसाठी बांधलेल्या या हॉलमध्ये आज रॅकेटच्या तातीवर फूल आदळल्याचा आवाज येतोय. बुचाच्या गोळ्यात खोचलेली पिसं, लाकडी चौकटीच्या रॅकेट, पुरुष पायघोळ पांढऱ्या विजारीत, आणि बायका जमिनीला टेकतील अशा झग्यांत. त्या झग्यांत पळून मागच्या रेषेवरचं फूल उचलणं किती अवघड असेल, ते नुसतं बघूनच तुमचा श्वास अडकतो. आता जमिनीकडे बघा. कोर्टाच्या रेषा तुमच्या ओळखीच्या नाहीत. नेटपाशी कोर्ट आवळत गेलंय आणि दोन्ही टोकांना पसरलंय, डमरूसारखं. तुम्हाला माहीत असलेलं सरळ आयताकृती कोर्ट नियमात यायला अजून दोन वर्षं आहेत, ते 1901 मध्ये येईल.

एकेरीचा सामना शोधू नका, तो आज नाहीच. ऑल इंग्लंड बॅडमिंटन स्पर्धेच्या या पहिल्या वर्षी फक्त दुहेरी आहे: पुरुषांची, महिलांची आणि मिश्र. पुरुष दुहेरी ओक्स आणि स्ट्युअर्ट मॅसी यांनी जिंकली. महिला दुहेरीत मेरिएल लुकास आणि मेरी ग्रॅम. या लुकासबाईंकडे जरा नीट बघून घ्या. एकेरी सुरू झाल्यावर त्या तिचं विजेतेपद सहा वेळा मिळवणार आहेत आणि आज आपल्याकडे त्यांचं नाव कोणालाही ठाऊक नाही.

कडेला उभ्या असलेल्या प्रेक्षकांत थोडं मिसळा. हा खेळ इंग्लंडमध्ये रुजवणाऱ्यांत हिंदुस्थानातून परतलेले लष्करी अधिकारी पुष्कळ. एक पाऊल मागे टाका आणि त्यांच्या तरुणपणात शिरा: साधारण तीस-पस्तीस वर्षांपूर्वीचं पुणं, लष्कराची छावणी, संध्याकाळची वेळ, दोन खांबांना बांधलेली दोरी किंवा जाळी आणि तिच्या दोन्ही बाजूंना गोरे साहेब. पिसांचं फूल हवेत टोलवत ठेवायचा खेळ जगात अनेक ठिकाणी जुना होता. पण मधे जाळी बांधून, दोन बाजू पाडून, गुण मोजून खेळायची रीत छावण्यांमध्ये घट्ट झाली, आणि ‘पूना’ याच नावाने ती ओळखली गेली. सुरुवातीच्या लेखी नियमांचा माग काढत गेलं की आपण पुण्यातच पोहोचतो. दक्षिणेत वाऱ्यापावसात पिसांचं फूल टिकेना तेव्हा लोकरीचा चेंडू वापरला जाऊ लागला. तमिळनाडूत तो बॉल बॅडमिंटन आजही जोरात खेळतात.

मग हे अधिकारी मायदेशी गेले, खेळ सोबत गेला. ग्लॉस्टरशायरमधल्या ड्यूक ऑफ बोफर्टच्या बॅडमिंटन हाउसचं नाव त्याला चिकटलं आणि पूना मागे पडलं. पुढे बाथ शहरातल्या क्लबाने नियम नव्याने बांधले. 1893 मध्ये चौदा क्लब एकत्र आले आणि बॅडमिंटन असोसिएशन उभी राहिली. 1898 च्या मार्चमध्ये गिल्डफर्डला पहिली खुली स्पर्धा झाली, ती चांगली पार पडली, आणि त्या भरवशावर वर्षभराने हा लंडनचा घाट घातला गेला. आपल्या गावातून निघालेली गोष्ट जगातल्या सगळ्यात जुन्या बॅडमिंटन स्पर्धेपर्यंत पोहोचली, हे मराठी माणसाने अभिमानाने सांगावं असं आहे. आपण ते पुरेसं सांगत नाही.

परत हॉलमध्ये या. पुढच्या वर्षीच, 1900 मध्ये, एकेरी सुरू होते. पुरुषांत सिडनी स्मिथ जिंकतो आणि महिलांत एथेल टॉमसन. दोघंही टेनिसमध्येही तितकीच तयार. एथेल तर लग्नानंतर मिसेस लार्कम म्हणून 1912 ची विम्बल्डन विजेती होणार आहे. मग दारं बदलत जातात. 1902 मध्ये तुम्ही क्रिस्टल पॅलेसमध्ये, काचेच्या त्या अवाढव्य महालाच्या मधल्या भागात उभे आहात, पण स्पर्धा तिथे एकच वर्ष टिकते. त्यानंतर सात वर्षं बनहिल रोवरच्या लंडन रायफल ब्रिगेडची इमारत. आणि 1910 पासून वेस्टमिन्स्टरमधला रॉयल हॉर्टिकल्चरल हॉल.

इथे जरा थांबू. हा हॉल फुलांच्या प्रदर्शनांसाठी बांधलेला, वर काचेचं छत. ऑल इंग्लंडची एक गोष्ट माझ्या मनात पक्की बसली आहे: या स्पर्धेला स्वतःचं घर कधीच नव्हतं. विम्बल्डनला स्वतःची हिरवळ आहे, लॉर्ड्सला स्वतःचं मैदान. ऑल इंग्लंड मात्र कायम कोणाच्या तरी ओसरीवर उतरली. आधी शिपायांच्या, मग बागकाम करणाऱ्यांच्या, पुढे मुष्टियोद्ध्यांच्या आणि पोहणाऱ्यांच्या. ज्याचं घर नसतं त्यावर कोणा एकाची मालकी चालत नाही. या स्पर्धेचा सगळा इतिहास मला त्यातूनच उलगडत जातो.

हॉर्टिकल्चरल हॉलमधला तो शांत, काटकुळा खेळाडू म्हणजे सर जॉर्ज टॉमस. 1903 ते 1928 या काळात त्याने या स्पर्धेत एकूण 21 विजेतेपदं मिळवली. पुरुष एकेरी 1920 ते 1923 अशी सलग चार वर्षं त्याची. सामना संपल्यावर त्याच्या मागे जाऊन बघा, कदाचित बुद्धिबळाच्या पटापाशी बसलेला सापडेल. तो दोनदा ब्रिटनचा बुद्धिबळ विजेता झाला आणि हेस्टिंग्जच्या स्पर्धेत त्याने माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवलं होतं. 1934 मध्ये आंतरराष्ट्रीय बॅडमिंटन महासंघ स्थापन झाला तेव्हा पहिला अध्यक्ष तोच. पुरुषांच्या सांघिक स्पर्धेचा टॉमस कप, जो 2022 मध्ये बँकॉकला भारताने जिंकला, तो याच्याच नावाचा.

पहिल्या महायुद्धाने 1915 ते 1919 अशी पाच वर्षं हे दार बंद ठेवलं. उघडल्यावर आयर्लंडचा फ्रँक डेव्हलिन आला आणि एकूण अठरा विजेतेपदं घेऊन गेला. तोवर नावं सगळी ब्रिटिश बेटांतली. 1939 मध्ये डेन्मार्कच्या टेगे मॅडसनने पुरुष एकेरी जिंकली आणि ती रांग मोडली. लगेच दुसरं महायुद्ध, आणि पुन्हा सात वर्षांचा अंधार.

आता कोट घट्ट आवळा. 1947 चा मार्च आहे आणि इंग्लंडने कित्येक वर्षांत पाहिली नाही अशी थंडी पडली आहे. कोळसा नाही, वीज जपून वापरायची, खाण्यापिण्यावर अजून रेशन. उत्तर लंडनमधल्या हॅरिंगे अरिनात तुम्ही शिरता. एरवी इथे मुष्टियुद्ध आणि आइस हॉकी चालते. युद्धानंतरची ही पहिली ऑल इंग्लंड. बाकांवर बसलेल्या लोकांच्या तोंडातून वाफ निघतेय, पण चेहरे खुशीत आहेत. खेळ परत आलाय, एवढंच त्यांना पुरेसं आहे.

हिंदुस्थानातून दोन खेळाडू आलेत: प्रकाश नाथ आणि देविंदर मोहन. देश अजून स्वतंत्र व्हायचाय. सोडतीने घात केला आणि दोघं उपांत्यपूर्व फेरीत समोरासमोर आले. एकमेकांचा खेळ दोघांना पाठ. खेळले असते तर दोघंही दमले असते आणि पुढचा सामना परक्याच्या हातात गेला असता. म्हणून त्यांनी नाणं उडवलं. नाणं प्रकाश नाथच्या बाजूने पडलं, देविंदरने सामना सोडला. एवढ्या दूर येऊन, एवढी मजल मारून, एका नाण्यावर आपली संधी सोडून देणाऱ्या त्या देविंदर मोहनविषयी मला फार आदर वाटतो. त्याचं नाव ऑल इंग्लंडच्या विजेत्यांच्या फळ्यावर नाही. तरी भारतीय बॅडमिंटनच्या पहिल्या मोठ्या क्षणात अर्धा वाटा त्याचा आहे.

प्रकाश नाथ अंतिम फेरीत पोहोचला. ऑल इंग्लंडच्या अंतिम फेरीतला पहिला भारतीय. त्याच्याकडे बघा, तो लाहोरचा. अंतिम सामन्याआधी त्याच्या हातात वर्तमानपत्र येतं आणि त्यात बातमी असते की लाहोर जळतंय. मार्चच्या पहिल्याच आठवड्यात तिथे दंगली भडकल्या आहेत. ज्या गल्ल्यांत तो लहानाचा मोठा झाला, ज्या घरात त्याची माणसं आहेत, त्या शहराचे जळते मोहल्ले त्याने हजारो मैल दूर, एका थंड हॉलच्या वाटेवर छापील कागदात पाहिले. त्या काळात घरी फोन लावून विचारण्याची सोय नव्हती. घरचे जिवंत आहेत की नाहीत हे माहीत नसताना त्याला कोर्टावर उतरायचं होतं.

तो उतरला. समोर स्वीडनचा कॉनी येप्सेन. तुम्ही बाकावर बसून पाहताय आणि तुम्हाला कळतंय की हा माणूस इथे नाही. येप्सेन जिंकला, त्याचं कौतुक करायलाच हवं, त्याने जिंकण्याजोगाच खेळ केला. पण प्रकाश नाथच्या पराभवाची नोंद फक्त गुणांच्या आकड्यांत करणं हा त्याच्यावर अन्याय आहे. पाच महिन्यांनी फाळणी झाली. लाहोर दुसऱ्या देशात गेलं.

हॅरिंगेतून बाहेर पडा आणि सात वर्षं पुढे या, अर्ल्स कोर्टच्या एम्प्रेस हॉलमध्ये. इथे मलायाचं राज्य आहे. वाँग पेंग सूनने 1950, 51 आणि 52 अशी तीन वर्षं एकेरी जिंकली आणि 1955 मध्ये तो पुन्हा जिंकणार आहे. मधल्या 1953 आणि 54 चं विजेतेपद एडी चूंगचं. अंगाने लहानखुरा, पण कोर्टभर उड्या मारत फिरणारा चूंग बघताना लोक खुर्चीच्या कडेला येऊन बसतात. साहेबांच्या घरच्या खेळात साहेबच पाहुणे झालेत. 1954 मध्येच जूडी डेव्हलिन नावाची अठरा वर्षांची मुलगी महिला एकेरी जिंकते. वर ज्या फ्रँक डेव्हलिनचा उल्लेख आला त्याची ही लेक. पुढे जूडी हॅशमन या नावाने ती दहा वेळा एकेरीची विजेती होईल, शेवटची 1967 मध्ये.

पण तुमची नजर दुसरीकडे असायला हवी. याच 1954 मध्ये, याच हॉलमध्ये सांगलीचा एक मुलगा खेळतोय. नंदू नाटेकर. त्याला अजून एकवीस वर्षंही पूर्ण झालेली नाहीत. हा आधी टेनिस खेळायचा. ज्युनिअर राष्ट्रीय टेनिसच्या अंतिम सामन्यात रामनाथन कृष्णनकडून हरला, आणि रॅकेट बदलून बॅडमिंटनकडे वळला. त्याचं मनगट बघा. फूल आता मागे जाणार असं शरीर सांगतंय आणि शेवटच्या क्षणी मनगट वळतं, फूल नेटला चाटून पुढच्या बाजूला पडतं. समोरचा चुकीच्या पायावर उभा. नाटेकर ऑल इंग्लंडच्या उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेला. दोन वर्षांनी, 1956 मध्ये, क्वालालंपूरला सेलंगोर आंतरराष्ट्रीय स्पर्धा त्याने जिंकली. परदेशात आंतरराष्ट्रीय विजेतेपद मिळवणारा तो पहिला भारतीय बॅडमिंटनपटू. 1961 मध्ये अर्जुन पुरस्कार सुरू झाले तेव्हा पहिल्या मानकऱ्यांत तो होता. ज्यांनी त्याला खेळताना पाहिलं ती पिढी आता विरळ झाली, 2021 मध्ये तोही गेला. म्हणून इथे जरा जास्त वेळ बसा. पुण्याच्या छावणीतून निघालेला खेळ लंडनच्या मोठ्या हॉलमध्ये एक मराठी मुलगा खेळतोय, आणि इतक्या सुंदर हाताने खेळतोय.

1957 मध्ये स्पर्धा वेम्बलीला आली आणि 1993 पर्यंत तिथेच राहिली. तुम्ही ज्या जमिनीवर चालताय तिच्याखाली एक जलतरण तलाव आहे. एम्पायर पूल याच नावाने 1934 मध्ये ही इमारत बांधली, 1948 च्या ऑलिंपिकमधलं पोहणं इथेच झालं. त्यानंतर तलाव झाकला गेला. अशा प्रचंड हॉलमध्ये हवा कुठून कशी वाहते हे ओळखणं हाच अर्धा खेळ. पाच-साडेपाच ग्रॅमच्या आतलं ते फूल एका बाजूने मारलं की रेषेबाहेर जातं, दुसऱ्या बाजूने तेवढ्याच जोराने मारलं तर अर्ध्यात पडतं. टीव्हीवर हे दिसत नाही. इथे बसलं की कळतं.

जागतिक अजिंक्यपद स्पर्धा 1977 मध्ये सुरू झाली. त्याआधी जगज्जेता कोण, याचं उत्तर दरवर्षी मार्चमध्ये वेम्बलीतच मिळायचं. डेन्मार्कचा एर्लंड कॉप्स सात वेळा जिंकला. 1968 मध्ये इंडोनेशियाचा रूडी हार्तोनो आला, वय अठरा, आणि 1974 पर्यंत त्याने दुसऱ्या कोणाला जिंकूच दिलं नाही. सलग सात. 1975 ला डेन्मार्कच्या स्वेन प्रीने त्याला अंतिम फेरीत रोखलं, तर 1976 ला तो परत येऊन आठवं घेऊन गेला. त्या आठव्या वेळी समोर होता त्याच्याच देशाचा एक तरुण, लिएम स्वी किंग.

त्या किंगला ओळखून ठेवा, कारण आता 1980 आहे आणि गेल्या दोन्ही वर्षांचा विजेता तोच आहे. तो हवेत उडी घेतो आणि वरूनच स्मॅश मारतो. ते फूल परत करणं दूर, कित्येकांना ते दिसतही नाही. समोर उभा आहे बंगळूरचा प्रकाश पदुकोण, वय चोवीस. डेन्मार्क आणि स्वीडनच्या स्पर्धा त्याने नुकत्याच जिंकल्यात. तरी वेम्बलीतला बहुतेक जाणकार किंगकडेच कौल देतोय.

हा मुलगा कुठे शिकला ते सांगतो. बंगळूरच्या मल्लेश्वरममध्ये एक लग्नाचा हॉल होता, त्यातच कोर्ट आखलेलं. मुहूर्त असला की खेळ बंद. मंडप उतरायची वाट बघायची आणि मग सराव. छत पुरेसं उंच नव्हतं, फूल वर फार चढवता येत नसे. म्हणून हाताला सवय लागली ती कमी उंचीवरून, अचूक, समोरच्याला हलवत ठेवणाऱ्या खेळाची. पुढे ज्या नजाकतीचं जगाने कौतुक केलं ती तिथे अडचणीतून तयार झाली.

सामना सुरू झालाय. तुम्ही किंगच्या बाजूला नजर ठेवा म्हणजे प्रकाश काय करतोय ते समजेल. किंगला उडी मारायला फूल उंच हवं आहे आणि प्रकाश ते देतच नाही. सर्व्हिस बुटकी. अर्धा स्मॅश, तोही अंगावर नव्हे तर कडेला. मग ड्रॉप. किंग नेटकडे धावतो, पोहोचतो, आणि तेवढ्यात फूल त्याच्या डोक्यावरून मागच्या कोपऱ्यात. वेग वाढवायचा तो प्रयत्न करतो तसा प्रकाश वेग काढून घेतो. त्या काळात सर्व्हिस ज्याची त्यालाच गुण मिळतो. त्यामुळे गुण न वाढता नुसती सर्व्हिस इकडून तिकडे जात राहते, आणि त्या कोंडीत किंगची घालमेल वाढत जाते. पहिला गेम 15-3. हॉलमध्ये कुजबुज. दुसऱ्यात किंग झगडतो, पण 15-10. ऐंशी वर्षांहून जुन्या या स्पर्धेच्या पुरुष एकेरीत पहिल्यांदा भारतीयाचं नाव लागलं.

तेव्हा भारतात मोजक्याच शहरांत टीव्ही होता. लोकांनी हा विजय रेडिओवर ऐकला, सकाळच्या वर्तमानपत्रात वाचला, आणि पुढच्या काही वर्षांत गल्लोगल्ली, वाड्यांच्या चौकांत, सोसायट्यांच्या गच्चीवर दोरी बांधून मुलं खेळू लागली. पुढच्या वर्षी प्रकाश पुन्हा अंतिम फेरीत होता. तेव्हा मात्र किंगने परतफेड केली.

आता स्पर्धा लंडन सोडते. 1994 पासून ती बर्मिंगहॅमच्या इनडोअर अरिनात भरू लागली. त्याच वर्षी, 1994 मध्ये, पुण्यात राष्ट्रीय क्रीडास्पर्धा चालू असताना वीस वर्षांच्या पुलेला गोपीचंदच्या डाव्या गुडघ्यातलं लिगामेंट फाटलं. दुहेरीचा सामना होता. उडी मारली, खाली आला, आणि गुडघा गेला. आज अशी शस्त्रक्रिया नित्याची वाटते. तेव्हा बहुतेकांसाठी तो खेळाचा शेवट असायचा.

11 मार्च 2001, बर्मिंगहॅम. तोच गुडघा घेऊन गोपीचंद ऑल इंग्लंडच्या अंतिम फेरीत उभा आहे. इथपर्यंतची वाट साधी नव्हती. सिडनी ऑलिंपिकचा सुवर्णविजेता जी शिनपेंग वाटेत आला, तो हरला. डेन्मार्कचा बोसेन हरला. उपांत्य फेरीत पीटर गेड, जगातला पहिल्या क्रमांकाचा खेळाडू. दोन्ही गेम अटीतटीचे, 17-14, 17-15. आणि आज समोर चीनचा चेन हाँग. गोपीचंद नेटपाशी येतो, हात लवचीक, चेहऱ्यावर काही नाही. पहिला गेम 15-12. दुसऱ्यात चेन हाँगचा विश्वास ढासळत जाताना तुम्हाला दिसतो. 15-6.

या विजयानंतर एका शीतपेयाच्या जाहिरातीचा प्रस्ताव आला तो गोपीचंदने नाकारला, आपण जे पीत नाही ते मुलांना प्या म्हणून कसं सांगायचं, एवढ्या साध्या कारणासाठी. 2008 मध्ये त्याने हैदराबादला अकादमी उभी केली, त्यासाठी राहतं घर गहाण ठेवलं. सायना नेहवाल, पी. व्ही. सिंधू, किदांबी श्रीकांत त्याच्याच हाताखाली तयार झाले. गोपीचंद स्वतः काही काळ प्रकाशच्या बंगळूरच्या अकादमीत घडला होता. माझ्या मते हे दोन विजय वेगवेगळे मोजणं चूक आहे. पहिल्यातूनच दुसरा आला.

पुढची वर्षं झपाट्याने पार करा. चीनचा लिन डॅन 2004 ते 2016 मध्ये सहा वेळा जिंकून गेला. 2006 पासून 21 गुणांची पद्धत आली, आता सर्व्हिस कोणाचीही असो, गुण मिळतोच. प्रकाशने किंगची जी कोंडी केली ती या पद्धतीत तशीच करता आली असती का, हा प्रश्न मला अजूनही सुटत नाही. 2015 मध्ये सायना अंतिम फेरीत आली, पहिली भारतीय महिला. कॅरोलिना मरीनविरुद्ध पहिला गेम 21-16 असा घेतला, मग स्पेनच्या त्या मुलीने सामना हिसकावला. 2020 मध्ये बर्मिंगहॅमला पहिला सामना सुरू झाला त्याच दिवशी, 11 मार्चला, जागतिक आरोग्य संघटनेने कोविडची महासाथ जाहीर केली. स्पर्धा कशीबशी पूर्ण झाली आणि मग जगभरचे हॉल बंद झाले. 2022 मध्ये वीस वर्षांचा लक्ष्य सेन, प्रकाशच्याच अकादमीत वाढलेला, आदल्या वर्षीचा विजेता ली झी जिया याला तीन गेममध्ये हरवून अंतिम फेरीत गेला आणि व्हिक्टर अॅक्सेलसनपुढे थांबला. त्याच वर्षी आणि पुढच्याही वर्षी ट्रीसा जॉली आणि गायत्री या मुली महिला दुहेरीच्या उपांत्य फेरीत होत्या. गायत्री म्हणजे गोपीचंदची मुलगी.

आता तुम्ही आजच्या काळात आहात. दर मार्चमध्ये बर्मिंगहॅमहून सामने थेट दिसतात. तेव्हा ते बघाच, आणि घरातल्या मुलांना प्रकाश पदुकोणची गोष्ट सांगताना प्रकाश नाथ आणि देविंदर मोहन यांचीही सांगा. 2025 पर्यंत ऑल इंग्लंडच्या 115 स्पर्धा झाल्या. पुरुष एकेरीच्या विजेत्यांत भारताची दोन नावं आहेत. महिला एकेरी आणि तिन्ही दुहेरी, या चार रकान्यांत अजून एकही नाही.